समोरची काच आणि पाण्याचे नोझल

चातुर्मासाची सांगता होते आणि मुनिसंघांचे, आर्यिकासंघांचे विहार सुरू होतात. नेमक्या त्याच सुमारास दक्षिण महाराष्ट्रात साखर कारखान्यांची धुराडी पेटतात. हातकणंगल्यापासून जयसिंगपूरपर्यंतच्या पट्ट्यात उसाने लादलेले ट्रॅक्टर दोन-दोन ट्रॉल्या ओढत रस्त्यावर येतात. त्यांच्या चाकांना चिकटून आलेली शेतातील चिखलमाती डांबरावर सांडते, वाळते, तिची भुकटी होते आणि मागून येणाऱ्या प्रत्येक मोटारीच्या समोरच्या काचेवर ती जाऊन बसते. पहाटेचे दव त्या भुकटीचा पातळ लेप करून टाकते. दिगंबर परंपरेत मुनी सूर्यप्रकाशातच मार्गक्रमण करतात; म्हणून विहार एक तर सकाळी सूर्य वर आल्यानंतर किंवा दुपार कलल्यावर, सूर्यास्तापूर्वी होतो. हिवाळ्यात या दोन्ही वेळी सूर्य क्षितिजाजवळ असतो. सकाळी कोल्हापूरहून सांगलीकडे निघालेल्या चालकाच्या तो थेट डोळ्यांसमोर येतो आणि संध्याकाळी त्याच मार्गाने परतणाऱ्याच्याही.

स्वच्छ काचेतून पाहिले तर सूर्य आपल्या जागी दिसतो आणि रस्ता आपल्या जागी दिसतो. काचेवर धुळीचा थर असला की प्रत्येक कण प्रकाश विखुरतो आणि सारी काच दुधासारखी पांढरी होते. त्या पांढऱ्या पडद्यापलीकडे रस्त्याच्या कडेने पांढऱ्या वस्त्रातील आर्यिका चालत असतील, तर त्या चालकाला दिसत नाहीत. ताशी साठ किलोमीटर वेगाने जाणारी मोटार एका सेकंदात साडेसोळा मीटरांहून थोडे अधिक अंतर कापते. अशा वेळी चालक वायपर फिरवतो. पाणी मात्र येत नाही. कोरड्या काचेवर रबर घासले जाते, चिखलाचे फराटे उमटतात आणि दिसत होते तेही दिसेनासे होते. दुसरी फेरी, तिसरी फेरी होईपर्यंत तीन सेकंद गेलेले असतात. म्हणजे पन्नास मीटर. ईर्यासमितीचे पालन करणारे मुनी समोरची चार हात जमीन निरखून पाऊल टाकतात आणि त्यांच्या मागून येणारा गृहस्थ पन्नास मीटर रस्ता न पाहता पुढे आलेला असतो.

विहारातील अपघातांच्या वार्ता समाजाला नवीन नाहीत. त्यांच्या कारणांत वेग, अपुरी झोप आणि हातातील मोबाइल यांचा वाटा मोठा आहे, आणि त्यांविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. बॉनेटवर बसवलेल्या, वाटाण्याएवढ्या आकाराच्या प्लास्टिकच्या तुकड्याविषयी मात्र कोणी लिहीत नाही. त्याला वॉशर नोझल म्हणतात. गाडीतील बहुधा हा एकच सुटा भाग असा आहे, की जो बंद पडल्याचे मालकाला महिनोन्‌महिने ठाऊक असते आणि तरीही गाडी रोज रस्त्यावर येते. एसी थंड करेनासा झाला तर त्याच दिवशी फोन केला जातो. संगीत बंद पडले तर दोन दिवस दम निघत नाही. काचेवर पाणी येत नाही, हे मात्र ‘पुढच्या सर्व्हिसिंगला सांगू’ या खात्यावर मांडले जाते आणि सर्व्हिसिंगच्या दिवशी विसरले जाते.

तत्त्वार्थसूत्रात उमास्वामींनी हिंसेची जी व्याख्या केली आहे, तिच्या मुळाशी प्रमाद आहे. प्रमत्त योगाने होणारा प्राणांचा घात म्हणजे हिंसा, असे ते सांगतात. प्रमाद म्हणजे क्रूरपणा नव्हे, सावधानतेचा अभाव. अचानक उद्भवलेला बिघाड वेगळा आणि ठाऊक असून तसाच ठेवलेला बिघाड वेगळा. दुसऱ्या प्रकाराला प्रमादाखेरीज दुसरे नाव देता येणार नाही.

वायपरचा शोध एका स्त्रीच्या निरीक्षणातून लागला. अमेरिकेतील अलाबामा राज्याच्या मेरी अँडरसन या न्यूयॉर्कमध्ये ट्राममधून जात असता, काचेवर साचणारा ओला बर्फ पाहून चालकाला होणारा त्रास त्यांच्या ध्यानात आला. १९०३ साली त्यांना वायपरचे पेटंट मिळाले. आपल्याकडे केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मधील नियम १०१ नुसार समोरची काच असलेल्या मोटारीला यंत्रशक्तीवर चालणारा कार्यक्षम वायपर असणे आवश्यक आहे. पाण्यावाचूनचा वायपर मात्र पावसाळ्यातच कार्यक्षम. उरलेल्या आठ महिन्यांत तो काचेवर वाळूचा कागद फिरवावा तसा फिरतो आणि काचेवर कायमच्या बारीक रेघा पाडून ठेवतो. त्या रेघाही पुढे सूर्यप्रकाश विखुरण्याचेच काम करतात.

या व्यवस्थेची रचना साधी आहे. बॉनेटखाली पाण्याची एक टाकी असते. तिच्या तळाशी लहानशी विद्युत मोटर असते. तेथून निघालेला बोरूएवढा रबरी पाइप वर येतो, जोडापाशी त्याच्या दोन शाखा होतात आणि त्या दोन नोझलना जाऊन मिळतात. वाटेत एक झडप असते. ती वर चढलेले पाणी परत टाकीत उतरू देत नाही. एवढाच सारा प्रपंच. बारा व्होल्टचे काम, बेताचा दाब, धोका नाही. म्हणूनच ज्याला घरातील नळाचा वायसर बदलता येतो, त्याला हे काम जमावे. गाड्या मात्र सारख्या नसतात. ज्यांत नोझल वायपरच्या दांडीवरच बसवलेले असते, त्या गाड्यांचे काम मेकॅनिकवर सोपवणे बरे. पुढील वर्णन बॉनेटवर नोझल असणाऱ्या गाड्यांचे आहे.

नवीन नोझल आणण्यापूर्वी दोष नोझलचाच आहे, याची खात्री करून घेतली पाहिजे. ही पायरी वगळून थेट दुकानात जाणारे लोक पुष्कळ. चावी फिरवून, इंजिन सुरू न करता, पाण्याची दांडी क्षणभर ओढावी आणि कान द्यावा. मोटरचा बारीक गुणगुणाट ऐकू आलाच नाही, तर फ्यूज किंवा मोटर यांत दोष आहे. नोझल बिचारे निर्दोष. आवाज येतो पण पाणी नाही, तर आधी टाकीत पाणी आहे की नाही ते पाहावे. (हे वाक्य वाचून हसू येईल, पण रिकाम्या टाकीपायी नोझल बदलले गेल्याची उदाहरणे कोणत्याही मेकॅनिकला विचारावीत.) टाकी भरलेली असेल तर बॉनेट उघडून नोझलखालचा पाइप काढावा, त्याचे तोंड एखाद्या भांड्यात धरावे आणि आत बसलेल्या व्यक्तीला दांडी ओढण्यास सांगावे. पाइपमधून पाणी जोरात आले तर नोझल चोंदले आहे, हे सिद्ध झाले. तेथेही आले नाही तर पाइप कोठे तरी दुमडला आहे, जोडापाशी निसटला आहे किंवा उंदराने कुरतडला आहे. ग्रामीण भागात आणि धान्याच्या गोदामांजवळ उभ्या राहणाऱ्या गाड्यांत हे शेवटचे कारण मुळीच दुर्मीळ नाही. पाणी येते पण चारपाच सेकंदांनी येते, असा अनुभव असेल तर ती झडप निकामी झाली आहे. रिकाम्या टाकीवर मोटर फार वेळ चालवू नये. ती आतून जाणाऱ्या पाण्यानेच थंड राहते.

नोझल चोंदते ते बहुधा पाण्यातील क्षारांमुळे. आपल्याकडे विंधन विहिरींचे पाणी अनेक गावांत जड असते. त्यातील कॅल्शियमचे क्षार नोझलच्या सुईच्या अग्राएवढ्या छिद्रात सुकून बसतात आणि पांढरी खरपुडी धरते. येथे एका चांगल्या हेतूने होणाऱ्या चुकीचा उल्लेख करणे आवश्यक आहे. पाणी वाया जाऊ नये म्हणून अनेक घरांत आरओ यंत्रातून बाहेर पडणारे पाणी साठवून गाडीच्या टाकीत ओतले जाते. हेतू स्तुत्य आहे. पण ते पाणी म्हणजे गाळून बाजूला काढलेल्या क्षारांचे पाणी होय. मूळ नळाच्या पाण्याहून ते अधिक जड असते. फरशी पुसण्यास ते चालेल, नोझलला नाही. त्याऐवजी एसीच्या नळीतून बाहेर ठिबकणारे पाणी हवेतील बाष्प थंड होऊन झालेले असते आणि त्यात क्षार जवळजवळ नसतात. ते दुपदरी गाळण्यातून गाळून टाकीत घालावे. आपल्या घरांत गाळणे असतेच. त्याचा हा आणखी एक उपयोग.

भांडी घासण्याचा साबण किंवा केसांचा शाम्पू पाण्यात मिसळण्याची सवय मात्र मोडली पाहिजे. त्याचा फेस काचेवर पसरून उन्हात वाळतो, चिकट थर मागे ठेवतो आणि छिद्रही बुजवतो. बाजारात काच धुण्यासाठी खास तयार केलेले द्रावण मिळते, ते बाटलीवर सांगितलेल्या प्रमाणात वापरावे. त्याचा दुसरा लाभ अधिक महत्त्वाचा आहे. बॉनेटखालच्या उबेत आठवड्यानुआठवडे साचून राहिलेल्या निव्वळ पाण्यात लिजिओनेला जातीचे जिवाणू वाढू शकतात, आणि फवाऱ्याच्या तुषारांतून ते श्वासात जाऊन फुप्फुसाचा गंभीर आजार होऊ शकतो. इंग्लंडमधील आरोग्य संशोधकांनी २०१० मध्ये या धोक्याकडे लक्ष वेधले होते. गाळलेल्या पाण्याची मर्यादा एक मुहूर्त, म्हणजे अठ्ठेचाळीस मिनिटे, असे लहानपणापासून ऐकत आलेल्या घराला साचलेल्या पाण्याविषयी वेगळे सांगावे लागू नये. जीव उत्पन्न होऊन मग त्यांचा घात होण्यापेक्षा, ते उत्पन्न होण्याजोगी स्थितीच राहू न देणे हा विवेक आहे. गाडी दीर्घकाळ उभी राहणार असेल तर टाकी रिकामी करून ठेवावी.

एकदा साफ करून पाहण्यास हरकत नाही. जुन्या गाड्यांत नोझलच्या तोंडाशी छिद्र असलेली एक बारीक गोळी असते; तिच्यात टाचणीचे टोक अलगद घालता येते. नव्या अनेक गाड्यांत पंख्यासारखा रुंद फवारा देणारे नोझल असते. त्याची आतील रचना नाजूक असते आणि टाचणीने ती बिघडते. ते बाहेर काढून लिंबूसत्त्व मिसळलेल्या कोमट पाण्यात तासभर ठेवावे, मग उलट दिशेने, म्हणजे तोंडाकडून आत, पाणी सोडावे. एवढ्याने भागले तर उत्तम. प्लास्टिक उन्हाने तडकले असेल, किंवा महिन्यातून दोनदा हाच खटाटोप करावा लागत असेल, तर बदलणे हेच योग्य. साध्या गाड्यांसाठी नोझलची जोडी काही शंभर रुपयांत येते. हिशेबाच्या भाषेत हा महसुली खर्च आहे. तो त्या त्या वर्षीच पडलेला बरा, साठवून ठेवला तर पुढे काचेच्या भांडवली खर्चात जमा होतो.

दुकानात जाताना गाडीचे मॉडेल आणि वर्ष लिहून न्यावे आणि शक्य तर जुने नोझलच खिशात घालून न्यावे. दोन्ही नोझल एकदमच बदलावीत. काही गाड्यांत डावे-उजवे निराळे असते, हे दुकानदाराकडून विचारून घ्यावे.

काम दुपारी, सावलीत, इंजिन थंड असताना करावे. थंडीच्या सकाळी जुने प्लास्टिक ठिसूळ असते आणि हातात तुकडा येतो. बॉनेट उघडून त्याची दांडी नीट खाचेत बसली आहे ना, हे आधी पाहावे. घाईत हेच राहते आणि डोक्यावर बॉनेट येते. बॉनेटच्या आतल्या बाजूला उष्णतारोधक जाड पत्रा किंवा गादी असते, ती प्लास्टिकच्या बटनांनी धरलेली असते. सारी गादी उतरवण्याची गरज नसते. नोझलजवळची तीनचार बटने, मधला भाग आधी उचलून, काढली की हात आत जातो. बटने एका वाटीत ठेवावीत.

आता पाइप. येथे संयम लागतो. वर्षानुवर्षे उष्णता खाऊन रबर कडक झालेले असते आणि ओढले की नोझलची नळीच मोडते. मोडलेला तुकडा पाइपात अडकतो आणि पाच मिनिटांचे काम तासाभरावर जाते. गरम पाण्यात भिजवून पिळलेले फडके पाइपाच्या टोकाभोवती मिनिटभर गुंडाळून ठेवावे. रबर मऊ होते. मग डावीकडे-उजवीकडे किंचित पिळत तो उतरवावा. टोक चिरलेले असेल तर बोटाच्या पेराचा अर्धा भाग कात्रीने कापून टाकावा. एवढ्याने पाइप तोकडा पडत नाही.

नोझलच्या खालच्या अंगाला दोन बाजूंनी प्लास्टिकचे कान असतात. ते अंगठा आणि तर्जनी यांच्या चिमटीत दाबून धरावेत आणि नोझल खालून वर ढकलावे. बोटांनी दाबले जात नसतील तर लहान पक्कड वापरावी. वरून स्क्रूड्रायव्हर घालून उचकटण्याचा मोह होतो. त्याने रंगाला ओरखडा पडतो आणि पुढच्या पावसाळ्यात तेथे गंज धरतो. अगदीच इलाज नसेल तर स्क्रूड्रायव्हरच्या टोकाला कापडी पट्टी गुंडाळावी. नोझल निघाल्यावर बॉनेटला पडलेल्या छिद्राभोवती बरीच माती साचलेली दिसते. ओल्या फडक्याने ती पुसून घ्यावी, म्हणजे नव्या नोझलची रबरी चकती नीट टेकते. त्या सांदीत मुंग्या किंवा लहान कोळी आसरा घेऊन असतात. त्यांना मऊ कुंचल्याने बाजूला करून मगच फडके लावावे.

यानंतरची एक पायरी मेकॅनिकही अनेकदा गाळतात. नवे नोझल बसवण्याआधी, मोकळ्या पाइपाचे तोंड पातेल्यात धरून दोनतीन वेळा पाणी सोडावे. पाइपाच्या आत बसलेला गाळ, शेवाळाचे तंतू, क्षारांचे कण या पहिल्या धारेबरोबर बाहेर पडतात. हे न केल्यास तो सारा ऐवज सरळ नव्या नोझलच्या छिद्रात जाऊन अडकतो आणि मग ‘नवीन भागही हलकाच निघाला’ अशी तक्रार होते. पहिली गढूळ धार टाकून द्यावी. नंतरचे स्वच्छ आणि निव्वळ पाणी झाडांना घालता येते.

नवे नोझल वरून छिद्रात ठेवून अंगठ्याने सरळ दाबावे. कान उघडल्याचा ‘टक्’ असा आवाज आला की ते बसले. पाइप नळीवर शेवटपर्यंत चढवावा. अर्धवट चढलेला पाइप दाबाने निसटतो आणि पाणी बॉनेटखाली सांडत राहते. गादीची बटने लावण्याची घाई करू नये. आधी पाणी सोडून पाहावे आणि जोडांवर कोरडे बोट फिरवावे.

आता उरते ते नेम साधणे, आणि या कामाला दोन माणसे लागतात. घरातील नातवंडाला चालकाच्या जागी बसवून दांडी ओढण्याचे काम दिले तर ते आनंदाने करते. फक्त चावी कितपत फिरवायची, हे मोठ्यांनी पाहावे. धार काचेच्या ज्या भागावरून वायपर फिरतो, त्याच्या मध्याच्या किंचित वर पडली पाहिजे. गाडी वेगात असताना समोरून येणारा वारा ती खाली दाबतो. म्हणून हे थोडे वर. गोळीच्या नोझलमध्ये टाचणी घालून केसभर हलवले की धार काचेवर वीतभर सरकते. रुंद फवाऱ्याची नोझल बहुधा कारखान्यातूनच नेम धरून येतात. काहींत थोडेसे वर-खाली करता येते. ती जोराने फिरवू नयेत.

धार छपरावरून उडून मागून येणाऱ्या दुचाकीस्वाराच्या तोंडावर जाते, असा प्रकार रस्त्यावर नेहमी दिसतो. निष्प्रयोजन पाणी सांडणे श्रावकाचारात अनर्थदंडातील प्रमादचर्येत मोजले आहे. येथे पाणीही वाया जाते, काचही धुतली जात नाही आणि परक्याला उपद्रव होतो तो निराळाच.

वायपरचे रबर या निमित्ताने बोटाने चाचपून पाहावे. कडा चिरल्या असतील तर तेही त्याच दिवशी बदलावे. नवे पाणी आणि जुने रबर यांचा मेळ बसत नाही. रात्रीच्या प्रवासात दिव्यांकडे झेपावणारे कीटक काचेवर आदळून मरतात, ही बाब अनेक जैन कुटुंबांना बोचते. त्यावर खरा उपाय रात्रीचा प्रवास टाळणे हाच. तो अटळ झाला तर काचेवर वाळलेले डाग कोरड्या वायपरने निघत नाहीत, पसरतात; थांबून, भरपूर पाणी सोडून, ओल्या फडक्याने पुसावे.

संघाच्या मागे सेवेसाठी चालणाऱ्या गाड्यांची गोष्ट थोडी वेगळी. त्या माणसाच्या चालीने जातात, त्यांना समोरून वारा लागत नाही. म्हणून त्यांच्या धारेचा नेम बरोबर मध्यावर ठेवावा. तासन्‌तास पहिल्या गिअरमध्ये चालल्याने बॉनेट तापते, टाकीतील पाणीही तापते आणि बाजूने जाणाऱ्या ट्रॉल्यांची धूळ सतत येत राहते. अशा गाडीची टाकी रोज सकाळी विहारापूर्वी भरावी, दोन्ही धारा चालू आहेत की नाहीत हे पाहावे आणि नोझलची एक जादा जोडी, कापडी पट्टी, टाचणी व लहान पक्कड डॅशबोर्डच्या कप्प्यात ठेवावी. मागच्या काचेलाही वायपर असेल तर त्याचे नोझल निराळे असते. तेही तपासावे, कारण भरधाव येणारे वाहन सेवेकऱ्यांना आधी त्याच काचेतून दिसायचे असते.